घरमालकांची आमदारकी

आमदाराच्या पीएकडे दोन गोष्टी न मागता साठत जातात, शाली आणि किस्से. शालींचं बरं असतं, कुणाच्या लग्नात, कुणाच्या वाढदिवसाला देऊन टाकता येतात. किश्श्यांचं तसं नाही. एक सांगायला घ्यावा तर त्याच्या मागून दुसरा येतो, आणि चहा गार होतो. परवा बावधनला मित्राकडे जेवायला गेलो, तर ताटं मांडायच्या आधीच सगळे म्हणाले, "ए, नानांचं सांग!" मी म्हटलं, सांगतो, पण मधेच 'खरं का रे?' असं कुणी विचारायचं नाही. मला स्वतःलाच अजून खरं वाटत नाही.

आधी नाना कोण ते सांगतो. मी मूळचा परभणीचा. हिंजवडीत नोकरी लागली म्हणून जवळच नांदे गावात खोली घेतली. खाली घरमालक राहायचे, किसननाना आणि सुलोचनाकाकू. मुलगी लग्न होऊन नाशिकला गेलेली. नाना पक्षाचं तालुक्याचं काम बघायचे, आणि या वेळी आमदारकीचं तिकीट नानांनाच, असं सगळा तालुका धरून चालला होता. ऐन वेळी ते तिकीट पुण्यातल्या कुणाच्या तरी भाच्याला गेलं. नाना घरी आले, पायातल्या चपला न काढताच म्हणाले, "आपून अपक्ष उबं ऱ्हायचं."

काकू भाकरी थापत होत्या. त्यांनी हात थांबवला नाही. "ऱ्हावा की उबं. पर निवडून आल्याव माघारी कुनाच्या पक्षात जायचं न्हाई. मला शब्द द्या."

नानांनी शब्द दिला. नुसता दिला नाही, पुढं प्रत्येक गावात माइकवरून सांगितला. नेमका त्याच महिन्यात माझ्या कंपनीनं मला नारळ दिला होता. नाना म्हणाले, "इंजिनेर, मोकळा बसू नको, तुजं इंग्रजी आपल्याला कामाला यील." असा मी पीए झालो. बी.ई. कॉम्प्युटर!

*

अपक्षाला चिन्ह आयोग देईल ते घ्यावं लागतं. नानांनी ट्रॅक्टर मागितला होता. मिळालं नेलकटर!

मी यादी दोनदा वाचली. मला वाटलं, छपाईची चूक असेल. लोकांना कमळ-घड्याळ-पंजा असलं काहीतरी ऐकायची सवय, आणि आम्ही नेलकटर घेऊन कुठं फिरणार? खोऱ्यातल्या वरच्या वाड्यांमध्ये तर तो शब्दही कुणाला माहीत नाही. तिथं ते 'नखं काढायचं' असतं. मी म्हटलं, नाना, संपलं सगळं. त्या दिवशी पहिली सभा मुठ्याला होती. नाना स्टेजवर गेले आणि म्हणाले, "पुडाऱ्यांची नखं लई वाढल्यात. आमाला आयोगानं बरूबर हत्यार दिलंय." टाळ्या थांबेनात.

पण खरा धक्का सभेनंतर बसला. गर्दीतून एक म्हातारी पुढं आली. तिनं दोन्ही हात नानांपुढं धरले आणि म्हणाली, काढ बाबा, मला दिसत न्हाई आता. मला वाटलं, नाना हसतील, पाया पडतील आणि निघतील, पुढं चार गावं बाकी होती. नाना स्टेजच्या पायरीवर बसले, खिशातलं नेलकटर काढलं आणि त्या म्हातारीची सगळी नखं काढून दिली. पायाचीसुद्धा! पुढच्या गावचे लोक फोन करून करून थकले. मी फोन उचलून काय सांगणार होतो?

नाना निवडून आले. थोडक्या मतांनी, पण आले. भाचा तिसरा आला, डिपॉझिट वाचलं एवढंच.

*

विधानभवनात पहिल्याच आठवड्यात नानांच्या लक्षात आलं की आपल्याला कुणी विचारत नाही. प्रत्येक पक्षाचा प्रतोद असतो. तो आपल्या आमदारांना व्हिप काढतो, म्हणजे अमक्या दिवशी हजर राहा, तमक्या बाजूनं मत द्या, असा हुकूम. अपक्षाला कोण व्हिप काढणार? बाकीचे आमदार सकाळी व्हिपबद्दल बोलत आमदार निवासाच्या जिन्यानं उतरायचे आणि नाना मोकळेच उतरायचे.

एक दिवस त्यांनी घरी फोन लावला, स्पीकरवर. काकूंना सगळं समजावून सांगितलं, व्हिप म्हणजे काय, तो मोडला तर आमदारकी कशी जाते, सगळं. शेवटी जरा पडेल आवाजात म्हणाले, आपल्याला व्हिप काढनारं कुनीच न्हाई बघ.

काकू म्हणाल्या, "मी काढते. शनवारी घरी जेवायला या. मोडला तर बगा."

नाना त्या शनिवारी एका मंत्र्याच्या घरचं जेवण सोडून नांद्याला आले. मंत्र्याच्या पीएनं मला फोन करून विचारलं, असं काय महत्त्वाचं काम निघालं? मी म्हटलं, व्हिप आहे.

*

मग ते विश्वासदर्शक ठरावाचं प्रकरण आलं. तेव्हा मी जो हबकलो, तो आजतागायत सावरलेलो नाही.

सरकार काठावर होतं. दोन्ही बाजू अपक्ष गोळा करत फिरत होत्या. एका सकाळी सरकारचे एक मोठे नेते नांद्याला आले. ओसरीवर खुर्ची टाकून अर्धा तास बोलले. नाना समोर बसून मान हलवत होते, "व्हय... व्हय... व्हय." नेते खुशीत बाहेर गेले आणि गेटवरच टीव्हीवाल्यांना म्हणाले, नाना आमच्यासोबत आहेत.

दुपारी विरोधी पक्षाचे नेते आले. त्याच खुर्चीवर बसले. त्यांनाही नाना, "व्हय... व्हय." तेही गेटवर जाऊन तेच बोलले. संध्याकाळी टीव्हीवर दोन्ही बाजूंची आकडेवारी दाखवत होते आणि नाना दोन्हीकडे होते! माझ्या फोनची बॅटरी संपली, पण फोन संपले नाहीत. मी घाबरून विचारलं, नाना, तुम्ही दोघांनाही होकार दिला?

नाना माझ्याकडे असे बघायला लागले, जसा मीच वेडा. "होकार कुटं दिला? ते बोलत हुते, मी ऐकत हुतो. ऐकताना मानूस व्हय म्हनतुयाच की."

मी परभणीचा, मला काय माहीत! इकडं खोऱ्यात समोरचा बोलत असला की 'व्हय' म्हणत राहायचं असतं, नाहीतर तो म्हणेल, लक्ष कुठं आहे? कबूल असलं तर 'व्हय' म्हणून थांबत नाहीत, 'करतू' म्हणतात. हे राज्यातल्या दोन मोठ्या नेत्यांना कुणी सांगितलंच नव्हतं. आतून काकू म्हणाल्या, "त्यांचं काय घिऊन बसलास? मी हितं तीस वर्सं व्हय ऐकतीया, आन् न्हानीचा पत्रा हाय तसाच गळतुया."

*

नानांनी शेवटी मत सरकारला दिलं, कारण पूल.

हा पूल म्हणजे आमच्या सगळ्या आमदारकीचं कारण म्हणा ना. काकूंचं माहेर मुठा खोऱ्यात वर आहे, ओढ्याच्या पलीकडच्या वाडीत. पावसाळ्यात ओढा भरला की वाडी तुटते. पोरांची शाळा बंद, दूध घरातच नासतं. सरकारनं तिथं पुलाचं काम सुरू केलं होतं, खांब उभे राहिले होते. म्हणून मत सरकारला. पण पक्षात चला म्हटल्यावर नाना म्हणाले, "पाठिंबा म्हंजी भाड्याची खोली. प्रवेश म्हंजी खरेदीखत. खोली दिली, खरेदीखत हुनार न्हाई."

इकडं जमिनीच्या भाषेत सांगितलं की सगळ्यांना लगेच कळतं. कायदाही तेच सांगतो. अपक्षानं पाठिंबा कुणालाही द्यावा, पण पक्षात प्रवेश केला तर आमदारकी गेली.

सरकार वाचलं. आणि पुलाचं काम थांबलं! खांब तसेच, वर स्लॅब नाही. मी मंत्रालयात चकरा मारल्या, तर एका अधिकाऱ्यानं बाजूला घेऊन सांगितलं, आधी पक्षाचे आमदार, मग पाठिंब्याचे. मी पायरीवर बसूनच राहिलो. ज्यांच्यासाठी हात वर केला, त्यांनीच हात वर केले.

*

त्याच हंगामात बावधनच्या एका लॉन्सवर लग्न होतं. तीन-चार हजार माणूस, जेवणाच्या पंगती, ड्रोन, सगळं. नाना जिलेबी खाऊन उठत होते. तेवढ्यात सत्ताधारी पक्षाचे जिल्हाध्यक्ष मागून आले आणि पक्षाचं उपरणं फटकन नानांच्या गळ्यात टाकलं. फोटोग्राफर आधीच समोर उभा. हा फोटो छापला की प्रवेश झाला म्हणून बोंब, कुणीतरी तक्रार करणार आणि आमदारकी कोर्टात!

नानांनी मान खाली करून उपरण्याकडं पाहिलं. मग त्याच्या एका टोकानं पाकाचे हात पुसले. दुसऱ्या टोकानं मिशा पुसल्या. घडी घालून जिल्हाध्यक्षांच्या हातात परत दिलं आणि म्हणाले, "बरं झालं आनलंत. हितं टावेलची सोय न्हवती."

फोटो छापून आला, पण तो दुसराच. जिल्हाध्यक्ष चिकट उपरणं चिमटीत धरून उभे आहेत, असा. त्यांनी पुढं कितीतरी दिवस माझा फोन उचलला नाही.

*

पुढचा किस्सा हसायचा नाही. मित्रांना मी तो सांगत नाही, पण त्याशिवाय पुढचं काही कळणार नाही.

पावसाळ्यात काकूंची आई गेली. सकाळी भावाचा फोन आला आणि नाना, काकू आणि मी गाडीनं निघालो. ओढा दोन्ही काठ सोडून वाहत होता. मधे आपले खांब. पलीकडे वाडीतली माणसं उभी, अलीकडे आम्ही. पाण्याच्या आवाजात एकमेकांचं काही ऐकू येत नव्हतं. काकू काठावर जाऊन उभ्या राहिल्या. मी छत्री धरली तर त्यांनी बाजूला केली. पलीकडून भाऊ हात हलवत होता. दुपार उलटली, पाणी उतरेना. मग ती माणसं परत फिरली आणि थोड्या वेळानं वाडीच्या मागून धूर दिसला. काकूंनी तिकडं बघून हात जोडले. खरं सांगतो, मी गाडीच्या मागं जाऊन रडलो. नाना सगळा वेळ खांबांकडे बघत होते.

परत येताना गाडीत काकू एकदाच बोलल्या. "भाऊ हात हलवत हुता. ये म्हनत हुता का जा म्हनत हुता, त्येबी कळलं न्हाई मला."

दुसऱ्या दिवशी नाना मला न घेता मुंबईला गेले. आमदारकीच्या सगळ्या काळात असं कधी झालं नव्हतं.

*

काय झालं ते नानांनी परत आल्यावर फक्त मला सांगितलं. नानांनी सत्ताधारी पक्षाला शब्द दिला होता. पुढच्या निवडणुकीला तुमच्या पक्षातून उभा राहतो. अट एकच, आधी स्लॅब, मग प्रवेश.

आणि स्लॅब खरंच झाला! मला वाटलं होतं, टोलवतील. पण पाऊस उघडल्याबरोबर मशिनं आली, सळई आली, उन्हाळ्यापर्यंत पूल तयार. नारळ वगैरे फुटायच्या आधीच काकू पिशवी घेऊन पुलावरून चालत माहेरी गेल्या, चार दिवस राहून आल्या. इतक्या खुशीत त्यांना मी कधी पाहिलं नव्हतं. अट काय होती ते त्यांना माहीत नव्हतं. सांगायची माझी हिंमत झाली नाही, आणि नानांची तर नाहीच नाही.

मुदत संपत आली तसा नानांनी राजीनामा दिला आणि मुंबईत जाऊन प्रवेश केला. गळ्यात उपरणं, मागं मोठमोठे नेते. काकूंनी ते टीव्हीवर पाहिलं. नाना घरी आले तेव्हा मी जिन्यात उभा होतो. भांडण होईल, ताटं आपटतील, असं मला वाटत होतं. काकूंनी पाण्याचा तांब्या पुढं केला.

"पूल माज्यासाटी केलात, आन् शब्द कुनाला दिल्ता?"

नाना म्हणाले, "तुलाच. पर आता त्यान्लाबी दिलाय. त्यांनी त्यांचा पाळला."

"मंग तुमी त्यांचा पाळा. माजा मी पाळते."

मला वाटलं, विषय मिटला. सकाळी काकू नीट साडी नेसून आल्या आणि म्हणाल्या, गाडी काढ. मला वाटलं, बँकेत जायचं असेल. चांदणी चौक गेला, बँक गेली, आणि काकू म्हणाल्या, सरळ चल. गाडी जाऊन थांबली निवडणूक कार्यालयापुढं. सुलोचनाकाकूंनी अर्ज भरला. अपक्ष!

बाहेर एका टीव्हीवाल्यानं विचारलं, काकू, मिस्टरांच्या विरोधात? काकू म्हणाल्या, त्यांच्या विरोधात कशाला, मी तर त्यांनीच गावोगाव माइकवरून सांगितलेलं करतीया. मी गाडीतच बसून होतो. निघताना गाडी दोनदा बंद पाडली.

*

पुढचे दिवस कसे गेले ते विचारू नका. एका घरात दोन उमेदवार! सकाळी दोघं एकत्र चहा प्यायचे, मग एक गाडी मुठ्याकडे, दुसरी बावधनकडे. गेटच्या एका खांबावर नानांचा फ्लेक्स, दुसऱ्यावर काकूंचा. दोन्ही फ्लेक्स मीच बनवले. पक्षाचे लोक येऊन मला दम द्यायचे, वहिनींना माघार घ्यायला लावा. मी नानांकडे गेलो. नाना म्हणाले, तिला सांगायला तूच जा.

एकदा दुपारी मी खोलीतून खाली आलो आणि जागच्या जागी उभा राहिलो. काकू आरशापुढं भाषणाची तयारी करत होत्या, आणि नाना पलंगावर बसून शिकवत होते. माइक तोंडाला चिकटवू नको, गुरगुरतो. बायांच्या सभेत आधी पाण्याचं बोल. आणि माझ्यावर टीका करताना आवाज चढव, नाहीतर लोक म्हणतील, सेटिंग आहे. काकू मन लावून ऐकत होत्या आणि मधे मधे म्हणत होत्या, "व्हय... व्हय." मी आलो तसा वर गेलो आणि खोलीचं दार लावून घेतलं.

पक्षाचा प्रचारही नानांनी अगदी इमानदारीत केला. एक सभा चुकवली नाही. जिल्हाध्यक्ष स्वतः म्हणाले, माणूस शब्दाचा पक्का आहे. आता कोण येणार, हे छातीवर हात ठेवून कुणीच सांगू शकत नव्हतं. नांद्यातले लोक तर मला विचारायचे, काय रे, आम्ही मत नक्की कोणत्या खोलीला द्यायचं?

*

मतदानाचा दिवस. बूथ नांद्याच्या शाळेत. उपरणं बूथवर चालत नाही, म्हणून नानांनी ते गाडीतच काढून ठेवलं होतं. नुसत्या पांढऱ्या शर्टात ते मला पहिल्यासारखे, म्हणजे माझे घरमालक वाटत होते. पुरुषांची रांग छोटी होती, बायकांची मोठी. काकू बायकांच्या रांगेत, शेजारणीशी बोलत उभ्या.

नाना आत गेले. यायला जरा वेळ लागला. बाहेर आले, बोटाची शाई फुंकत. फाटकापाशी टीव्हीवाले थांबलेच होते. जिल्हाध्यक्षही हार घेऊन आले होते. एका पोरीनं माइक पुढं केला आणि विचारलं, नाना, तुमच्या पक्षाचा अंदाज आहे की तुम्ही पाच हजारांनी येणार. तुम्हाला काय वाटतं?

नाना म्हणाले, "त्यात येक कमी धरा."

तिला कळलं नाही. जिल्हाध्यक्षांनाही कळलं नाही, ते हसत हार सावरत होते. मला कळलं, आणि मी बायकांच्या रांगेकडं बघितलं. काकू शेजारणीला सोडून नानांकडे बघत होत्या.

पोरीनं पुन्हा विचारलं, एक कमी का? कुणाचं?

नाना गाडीकडे चालायला लागले. "न्हाई सांगता यायचं," ते म्हणाले. "मत गुप्त आसतं."